समोर प्रेयसीचं प्रेत, आणि हा स्वतःच्या हॅटचं काय बोलतोय? (सेंट जेम्स इन्फर्मरी)

लोकल_स्लो
मंडळी, ‘सेंट जेम्स इन्फर्मरी’ (इन्फर्मरी म्हणजे इस्पितळ) हे जॅझ-ब्लूजमधलं जुनंजाणतं गाणं इथे बऱ्याच जणांनी ऐकलं असेल. मी ऐकतो ते ट्रम्पेटवाल्या लुई आर्मस्ट्राँगचं, १२ डिसेंबर १९२८ ला शिकागोत ‘ओके’ कंपनीसाठी केलेलं. पियानोवर अर्ल हाइन्स, ड्रमवर झटी सिंगलटन. सुरुवातीलाच बँड असा जड पावलांनी येतो की पुढे काय वाढून ठेवलंय ते कळतं.

गोष्ट अगदी छोटी आहे. एक माणूस इस्पितळात जातो. तिथे लांबलचक पांढऱ्या टेबलावर त्याची प्रेयसी पडलेली, थंडगार. जाऊ दे तिला, देव तिचं भलं करो, असं म्हणतो. इथवर ठीक. पण त्याच दमात पुढे ऐकवतो, की तिने सगळं जग पालथं घातलं तरी माझ्यासारखा रंगेल गडी तिला मिळायचा नाही! आणि त्यापुढे तर ती गायबच. आता स्वतःच्या मरणाची तयारी. मला लेसचे बूट घाला, झोकदार कोट घाला, डोक्यावर स्टेटसन हॅट ठेवा आणि घड्याळाच्या साखळीला वीस डॉलरचं सोन्याचं नाणं लटकवा, म्हणजे पोरांना कळेल की मी हातातले पत्ते न बदलता मेलो.

अरे बाबा, ती समोर मरून पडलीये!

हा माणूस असा का वागतो? दुःखाने भ्रमिष्ट झालाय, मुळातच नालायक आहे, की गाण्यातच काही गडबड आहे? जाणकारांनी प्रकाश टाकावा. अजाणांनीही टाकावा, मीही त्यातलाच.

भिजका पापड
रुमाल टाकून ठेवतो. घरी जाऊन ऐकतो मग बोलतो.

खिडकीजवळची
नालायक आहे. धागा बंद करा.

तव्यावरची रेकॉर्ड
लोकल_स्लो, आर्मस्ट्राँगच्या रेकॉर्डवर मूळ गाण्याची सुरुवातच नाहीये. गोंधळ तिथून होतो.

हे गाणं १९२८ च्या आधीपासून ‘गॅम्बलर्स ब्लूज’ या नावाने फिरत होतं. कार्ल सँडबर्ग या कवीने १९२७ मध्ये ‘अमेरिकन साँगबॅग’ नावाचा लोकगीतांचा जाडजूड संग्रह काढला, त्यात याचे दोन पाठ आहेत. त्याच वर्षी फेस विल्यम्सच्या बँडने ‘गॅम्बलर्स ब्लूज’ रेकॉर्डही केलं. त्याचं श्रेय कार्ल मूर आणि फिल बॅक्स्टर या दोघांना दिलेलं आहे.

त्या जुन्या पाठांत गाणं इस्पितळात सुरूच होत नाही. सुरू होतं गुत्त्यात. चौकाच्या कोपऱ्यावर ओल्ड जोचा बार, नेहमीसारखी दारू चाललीय, नेहमीची गर्दी आहे. गाणारा सांगतो, माझ्या डाव्या हाताला जो मॅकेनेडी उभा होता (हे आडनाव दर पाठात बदलतं), डोळे तांबारलेले, आणि तो भोवतालच्या लोकांकडे वळून बोलायला लागला. इस्पितळ, पांढरं टेबल वगैरे सगळं त्या मॅकेनेडीच्या तोंडी आहे.

म्हणजे तो प्रेतासमोर बढाई मारतच नाहीये. प्रेत बघून तो गुत्त्यात आलाय, दोन-चार पेग झालेत आणि जुगारी दोस्तांसमोर तो ताठ राहायचा प्रयत्न करतोय. गुत्ता काढून टाकला की तेच बोलणं थेट टेबलाशेजारी येऊन पडतं आणि माणूस राक्षस वाटायला लागतो.

लोकल_स्लो
@तव्यावरची रेकॉर्ड, वा! हे माहीत नव्हतं. पण मग आर्मस्ट्राँगने गुत्ता का काढला? ७८च्या तबकडीवर तीन मिनिटांत मावेना म्हणून?

तव्यावरची रेकॉर्ड
वेळेचं बंधन होतंच. शिवाय त्याला ट्रम्पेट वाजवायचा होता हो. त्या रेकॉर्डवर गाणं कमी आणि वाजवणं जास्त आहे. कथेसाठी लोक आर्मस्ट्राँगकडे येत नसत.

खिडकीजवळची
म्हणजे दारू पिऊन मित्रांसमोर बढाया मारणारा नालायक. माझ्या मतात तसूभर फरक नाही.

डॉ. गुळवेल
अजून एक पदर आहे, तो माझ्या धंद्यातला.

१९४०-५० च्या दशकांत ए. एल. लॉइड या ब्रिटिश लोकसंगीत अभ्यासकाने मांडलं की या गाण्याचं मूळ ‘द अनफॉर्च्युनेट रेक’ या जुन्या ब्रिटिश-आयरिश पोवाड्यात आहे. त्यात एक तरणाबांड सैनिक मरायला टेकलाय, दुखणं गुप्तरोगाचं. तो म्हणतो, तिने मला वेळेवर सांगितलं असतं तर पाऱ्याच्या गोळ्या खाऊन वाचलो असतो. (पारा हाच तेव्हाचा इलाज. दात पडायचे, लाळ गळायची, पण इलाज तोच.) मग तो आपल्या अंत्ययात्रेचा थाट सांगतो. सहा खांदेकरी, ढोल, बासऱ्या, आणि शवपेटीवर गुलाबाचे गुच्छ, माझा वास कोणाला येऊ नये म्हणून.

याच पोवाड्याची दुसरी शाखा अमेरिकेच्या पश्चिमेला गेली. तिथे सैनिकाचा गुराखी झाला आणि गुप्तरोगाच्या जागी गोळी आली. तेच ‘स्ट्रीट्स ऑफ लरेडो’. जॉन लोमॅक्सच्या १९१० च्या काउबॉय गीतांच्या संग्रहात ते ‘काउबॉयज लॅमेंट’ म्हणून आहे.

आता लोकल_स्लोंचा प्रश्न. मूळ गोष्टीत मरणारा आणि अंत्ययात्रेचा हुकूम सोडणारा माणूस एकच आहे. फिरता फिरता कुठेतरी मरणारी बाई झाली. पण बूट, कोट, खांदेकरी हे बोलणं पुरुषाच्याच तोंडी राहून गेलं. जोड दिसतो तो इथे.

अवांतर: या पोवाड्याचे जुने छापील कागद आहेत त्यांत इस्पितळाचं नाव ‘लॉक हॉस्पिटल’ असं येतं. गुप्तरोगाच्या दवाखान्यांना तेव्हा हेच म्हणत. ही लॉक हॉस्पिटलं आपल्याकडेही होती. गोऱ्या पलटणी जिथे तिथे ती, पुणे आणि खडकीच्या छावण्यांतही. १८६८ च्या कायद्याने वेश्यांची सक्तीने नोंदणी आणि तपासणी सुरू झाली, आजारी निघाली तर बाईला तिथे अडकवून ठेवायचे. १८८८ मध्ये तो कायदा गेला. पोवाड्यात बिचारा सैनिक मरतो, प्रत्यक्षात डांबलं जायचं बाईला.

खिडकीजवळची
डॉक्टर, शेवटच्या वाक्याला दंडवत.

उडपी स्पेशल
गुप्तरोगावरून गाणं, गाण्यावरून खडकी. धाग्याचं काश्मीर (न मिटणारं भांडण हो!) व्हायला किती प्रतिसाद लागतील यावर पैज? 😄

पुरावा_कुठाय
डॉक्टर, माहिती रंजक आहे, पण ‘रेक’वाली वंशावळ मला कधीच पटलेली नाही.

पहिली गोष्ट, चाल वेगळी आहे. दुसरी, कथा वेगळी आहे. सामाईक काय उरतं? अंत्ययात्रेच्या सूचना. पण त्या सूचना त्या काळच्या डझनभर गाण्यांत होत्या! पोर्टर ग्रेंजरने १९२७ मध्ये ‘डाइंग क्रॅप-शूटर्स ब्लूज’ लिहिलं, त्यातही मरणारा जुगारी आपल्या मयताचा थाट सांगतो. असं कडवं तेव्हा हवेतच होतं. जो तो आपल्या गाण्यात घालत होता.

शिवाय गाण्यातलं इस्पितळ म्हणजे लंडनचं सेंट जेम्स, असं म्हणतात तेही घ्या. तिथे एक मध्ययुगीन इस्पितळ होतं हे खरं, पण ते कुष्ठरोगी कुमारिकांसाठी. आठव्या हेन्रीने १५३० च्या दशकाच्या सुरुवातीला ती जागा घेतली आणि तिथे सेंट जेम्स राजवाडा बांधला. म्हणजे पोवाडा छापला जाण्याच्या कितीतरी आधी इस्पितळ गेलेलं, आणि असताना तिथे सैनिकांना प्रवेश नाही. नावसाधर्म्यावरून लोकांनी इमले बांधलेत.

डॉ. गुळवेल
@पुरावा_कुठाय, राजवाड्याचा मुद्दा मान्य. पण नाव हवेतून आलेलं नाही. लोकगीतं गोळा करणाऱ्या सेसिल शार्पने १९१८ मध्ये व्हर्जिनियाच्या डोंगरात एका गायकाकडून या पोवाड्याचा पाठ उतरवून घेतला, त्यात ‘सेंट जेम्स हॉस्पिटल’ स्पष्ट आहे. हे आर्मस्ट्राँगच्या दहा वर्षं आधीचं, आणि अमेरिकेतलंच. म्हणजे नाव तरी त्या पोवाड्यातून इकडे आलं असं म्हणायला जागा आहे.

पुरावा_कुठाय
नाव आलं असेल. नावापुरतं मान्य. गाणं आलं हे नाही. मॅटी हाइट हिने १९३० मध्ये हेच गाणं ‘सेंट जोज इन्फर्मरी’ म्हणून रेकॉर्ड केलंय, म्हणजे गाणाऱ्यांना संताचं नावसुद्धा तितकंसं महत्त्वाचं नव्हतं.

भिजका पापड
ऐकलं. दोन शब्दांत सांगायचं तर अंगावर आलं. अर्ल हाइन्सचा पियानो काय आहे तो!

कोमल गंधार
तुम्ही सगळे शब्दांवर भांडताय, चालीवर कोणीच बोललं नाही म्हणून लिहितो.

नावात ब्लूज लावतात पण रचनेने हा ब्लूज नाही. नेहमीचा ब्लूज बारा ‘बार’चा, म्हणजे चार-चार मात्रांच्या बारा खंडांचा. पहिली ओळ दोनदा म्हणायची आणि तिसरीने उत्तर द्यायचं. हा आठ बारांतच संपतो. ओळ परत येत नाही, त्यामुळे गाणाऱ्याला थांबायला जागाच नाही, गोष्ट पुढे ढकलत राहावी लागते. आणि बहुतेक ब्लूज मेजरच्या अंगाने जाऊन कोमल गंधाराला घासतात, हा उघड मायनर आहे. कोमल गंधार कायमचा मुक्कामाला.

गिटारवाल्या मंडळींसाठी: मायनर कॉर्ड, त्याचा पाचवा, परत मायनर. मुख्य सांगाडा एवढाच. हार्मोनियम घेऊन बसलात तर अर्ध्या तासात बोटांत येईल. म्हणूनच हे इतकं पसरलं असं माझं मत. कोणत्याही बँडला, कोणत्याही स्टेजवर, तालमीशिवाय वाजवता येतं, आणि एवढ्याशा सांगाड्यावर एकल वाजवणाऱ्याला मोकळं रान मिळतं.

रागदारी_रंगराव
कोमल ग, कोमल ध, आणि पाचव्या कॉर्डमधून डोकावणारा शुद्ध नी. किरवाणी झाला की हो!

कोमल गंधार
@रागदारी_रंगराव, रंगराव, स्वर जुळले म्हणजे राग झाला का? किरवाणीची चलन कुठाय यात? प्रत्येक मायनर गाण्याला किरवाणीचं लेबल डकवायची ही खोड सोडा. (ह.घ्या.)

रागदारी_रंगराव
घेतलं हलकं. पण संध्याकाळी तानपुरा लावून गाऊन बघणारच.

उडपी स्पेशल
शेजाऱ्यांनाही हलकं घ्यायला सांगा.

पणजी_बाजार
आमच्या गोव्याकडचं थोडं. माझे आजोबा गावच्या बँडात क्लॅरिनेट वाजवायचे. इगर्जीच्या शाळेत लहानपणी सोलफेज (कागदावरचे स्वर वाचून गाणं) शिकलेले, त्यामुळे कागद समोर ठेवला की वाजलंच पाहिजे. आमच्याकडे किरिस्तांव घरातल्या मयताला बँड असायचा, पितळी वाद्यं, हळू चालीचे मार्च. ‘मयताला वाजंत्री’ म्हटलं की घाटावरची माणसं चमकतात. न्यू ऑर्लिन्सच्या लोकांना त्यात काहीच नवल वाटणार नाही.

शाळेत तयार झालेली हीच मुलं पुढे मुंबईला गेली. १९३५ मध्ये लिऑन ॲबीचा अमेरिकन कृष्णवर्णीय बँड ताजमध्ये वाजवायला आला, पाठोपाठ क्रिकेट स्मिथ, टेडी वेदरफोर्ड आले, आणि गोव्याच्या पोरांनी जॅझ थेट त्यांच्याकडून उचलला. त्यातला आंतोनियो शाविएर वाझ म्हणजे चिक चॉकलेट. ट्रम्पेट आणि आवाज दोन्ही आर्मस्ट्राँगच्या वळणाचे, लोक त्याला हिंदुस्थानचा आर्मस्ट्राँगच म्हणत. सी. रामचंद्रांचा तो साहाय्यक होता. ‘अलबेला’ (१९५१) बघा, पडद्यावर ट्रम्पेट घेऊन दिसतो तो.

तव्यावरची रेकॉर्ड
@पणजी_बाजार, हा स्वतंत्र धाग्याचा विषय आहे, काढाच. म्हणजे पुणतांब्याचे चितळकर (सी. रामचंद्र) आणि शिकागोचा आर्मस्ट्राँग यांच्यामध्ये एकच माणूस उभा आहे!

दादरकर काका
स्वतः आर्मस्ट्राँग १९६४ साली मुंबईला येऊन गेला. आमचे थोरले बंधू गेले होते ऐकायला. आम्ही उत्सुकतेने विचारलं, काय काय वाजवलं? म्हणाले, “घाम फार पुसत होता बुवा. केवढा तो रुमाल!” आयुष्यभर त्यांनी या कार्यक्रमाबद्दल एवढंच सांगितलं.

भिजका पापड
काका 😂😂

कोर्टाची पायरी
गाणं कोणाचं, या मुद्द्यावर थोडी वकिली करतो. मूळ प्रश्नापेक्षा ही भानगड मला जास्त आवडते.

आर्मस्ट्राँगच्या तबकडीवर श्रेय होतं डॉन रेडमनचं. १९२९ मध्ये मात्र गाण्याचा कर्ता म्हणून ‘जो प्रिमरोज’ हा गृहस्थ अवतरला. असा कोणी माणूसच नव्हता. ते आयर्विंग मिल्सचं टोपणनाव. मिल्स म्हणजे ड्यूक एलिंग्टनचा आणि पुढे कॅब कॅलोवेचा मॅनेजर, संगीत प्रकाशक, आणि एलिंग्टनच्या कितीतरी गाण्यांवर सहलेखक म्हणून नाव लावून बसलेला माणूस. १९३० च्या सुरुवातीला त्याने एलिंग्टनच्या बँडकडूनही हे गाणं रेकॉर्ड करून घेतलं. तबकडीवर बँडचं नाव ‘टेन ब्लॅक बेरीज’. म्हणजे लेखकाचं नाव खोटं, बँडचंही खोटं.

मग डेंटन अँड हॅस्किन्स नावाच्या दुसऱ्या प्रकाशकाने हेच गाणं याच नावाने छापलं. मिल्सची गॉथम म्युझिक सर्व्हिस कोर्टात गेली, आणि प्रकरण न्यूयॉर्कच्या अपील न्यायालयापर्यंत पोचलं, १९३२ मध्ये. गंमत म्हणजे भांडण गाण्यावर नव्हतंच, नावावर होतं. गाणं जुनं आहे हे सगळ्यांनाच माहीत होतं. मिल्सकडचं म्हणणं साधारण असं, की हे नाव लोकांच्या तोंडी बसवायला जाहिरातीचा पैसा आम्ही ओतला, आता त्यावर दुसऱ्याने धंदा करायचा नाही.

जाहिरातबाजी बाजूला काढली तर हाती येतं ते ‘गॅम्बलर्स ब्लूज’, आणि त्यावर मूर-बॅक्स्टरचं नाव. आणि सँडबर्गच्या कानावर तर ते लोकांकडूनच आलेलं.

पुरावा_कुठाय
+१. हा पक्का कागद. पोवाड्यापेक्षा हा इतिहास मला विश्वासाचा वाटतो.

जातं_फिरतंय
वाचनमात्र होते, पण कोर्टाची पायरी यांच्या शेवटच्या परिच्छेदावर राहवलं नाही.

जात्यावरच्या ओव्यांना कर्ता नसतो, गाणारी असते. एकीने म्हटलेली ओळ दुसरी आपल्या ओवीत घेते, भावाच्या जागी लेक घालते, पंढरीच्या जागी आळंदी. हेमा राईरकर आणि गी प्वातवँ यांनी अशा लाखभर ओव्या गोळा केल्या. त्या वाचताना ‘मूळ पाठ कोणता’ हा प्रश्न थोड्या वेळाने गळूनच पडतो.

आता मुद्द्याचं. ओव्यांत ‘अहेव मरण’ हा एक ठरलेला विषय आहे. धडधाकट बाई दळता दळता स्वतःची अंत्ययात्रा गाते. मला नवऱ्याच्या आधी मरण यावं, कपाळ हळदीकुंकवाने भरलेलं असावं, भावाने माहेरचं लुगडं आणावं, भ्रतार पुढे चालावा आणि आळीतल्या बायकांनी उंबऱ्यात उभं राहून बघावं. थाट बघा! कोणतं लुगडं, कोणी आणायचं, कोण कुठे चालणार, सगळं ठरलेलं. जन्मभर कोणी विचारलं नाही, निदान त्या दिवशी तरी सगळ्यांच्या नजरा माझ्यावर असू देत, असा त्यात हट्ट असतो.

लेसचे बूट, स्टेटसन हॅट आणि सोन्याचं नाणं ऐकल्यावर मला त्या बायकाच आठवल्या. या जुगाऱ्याकडे घर नाही, दार नाही, पत नाही. अमेरिकेतला १९२० चा काळा माणूस असेल तर मानही नाही. हॅट आणि कोट एवढीच काय ती इस्टेट, तीच तो मांडून दाखवतोय. मला तो नालायक वाटत नाही.

खिडकीजवळची
@जातं_फिरतंय ताई, प्रतिसाद सुंदर आहे, पण एक फरक तुम्ही सोडून देताय. तुमच्या ओवीतली बाई स्वतःचंच मरण गाते, दुसऱ्या कुणाला बाजूला सारून नाही. हा टेबलावर पडलेल्या बाईकडे पाठ करून स्वतःचं गातोय. तिला नाव नाही. ती कशाने गेली ते नाही. तिचं मयत कोण करणार तेही नाही. ‘थंड, गोड, गोरी’ ही तीन विशेषणं पदरात टाकली की तिचं काम संपलं.

जातं_फिरतंय
@खिडकीजवळची, हे मात्र खरं. तिला एकही कडवं नाही. बायकांनी हे गाणं गायलं तरी शब्द बहुतेक त्याचेच राहतात.

तव्यावरची रेकॉर्ड
ज्यांनी बघितलं नाही त्यांनी १९३३ चं बेटी बूपचं ‘स्नो व्हाइट’ बघा, फ्लायशर स्टुडिओचं, सात मिनिटांचं कार्टून. गाणारा कॅब कॅलोवे. त्याच्या नाचाचं चित्रीकरण करून त्यावरून चित्रं काढली आहेत, त्यामुळे कोको विदूषकाचे पाय चक्क कॅलोवेसारखे घसरत चालतात. बर्फाच्या पेटीत बेटी, ती वाहून नेणारे सात बुटके, आणि मागे लांबलचक पायांचं पांढरं भूत झालेला कोको गातोय. सोन्याच्या नाण्याची ओळ येते तेव्हा ते भूत स्वतःच साखळीला लटकलेलं नाणं होतं. एवढं भीषण काहीतरी मुलांसाठी काढलं होतं यावर विश्वास बसत नाही.

कॅलोवेचं ‘मिनी द मूचर’ (१९३१) लागोपाठ ऐकलंत तर चालीचं नातं लगेच कळेल. तिथेही मॅनेजर मिल्सच.

लोकल_स्लो
बघितलं. रात्री बघायला नको होतं.

डिलनवारी
एवढे प्रतिसाद झाले आणि बॉब डिलनचं नाव नाही? ‘ब्लाइंड विली मॅकटेल’ हे गाणं याच चालीवर बेतलंय. १९८३ मध्ये रेकॉर्ड केलं, पियानोवर स्वतः, गिटारवर मार्क नॉफ्लर, आणि मग अल्बममधून काढून टाकलं! बाहेर आलं थेट १९९१ मध्ये. शेवटच्या कडव्यात गाणारा सेंट जेम्स हॉटेलच्या खिडकीतून बाहेर बघतोय. इस्पितळाचं हॉटेल केलं, पण संत तोच ठेवला.

आणि खरा मॅकटेल, अटलांटाचा आंधळा, बारा तारांची गिटार वाजवणारा, त्याने १९४० मध्ये जॉन लोमॅक्ससाठी हॉटेलच्या खोलीत बसून ‘डाइंग क्रॅपशूटर्स ब्लूज’ गायलं. त्यातही मयताचा थाट आहेच.

पुरावा_कुठाय
जे मॅकटेल स्वतः रचलं म्हणून सांगायचा, आणि जे ग्रेंजरने १९२७ मध्येच लिहिलेलं होतं. सगळे मिल्सचेच भाऊबंद!

डिलनवारी
मिल्सला पैसे मिळाले, मॅकटेलला काय मिळालं? दोघांना एका ओळीत बसवू नका. आंधळ्या माणसाने ऐकलेलं गाणं आपलं करून रस्त्यावर गायलं, आणि प्रकाशकाने खोट्या नावाने नोंदवलं, यात फरक आहे.

पुरावा_कुठाय
ठीक, हा फरक मान्य.

उडपी स्पेशल
पुरावा_कुठाय यांनी चक्क काहीतरी मान्य केलं. स्क्रीनशॉट काढून ठेवलाय.

न्यू जर्सीचा नाना
न्यू ऑर्लिन्सला गेलात तर फ्रेंच क्वार्टरमधल्या प्रिझर्व्हेशन हॉल या जॅझच्या अड्ड्यावर जा. १९६१ पासून चालू आहे. बसायला धड जागा नाही, आत दारू नाही, भिंतींचे पोपडे निघालेले. फर्माइशीचे दर लिहिलेली जुनी पाटी प्रसिद्ध आहे. पारंपरिक गाण्याला कमी, इतर गाण्याला जास्त, आणि ‘व्हेन द सेंट्स’ला सगळ्यात जास्त. वाजवून वाजवून वीट आला असणार! सेंट जेम्स पारंपरिकात धरतात की नाही हे विचारायचं होतं, पण बायकोने दंडाला धरून बसवलं.

कोमल गंधार
हिशोबाने स्वस्तात पडायला हवं. कोर्टात गाणं जुनंच ठरलं होतं ना!

लोकल_स्लो
सगळ्यांचे आभार. इतकं काही निघेल वाटलं नव्हतं.

मूळ प्रश्नावर माझं म्हणणं सांगतो. गुत्त्याचा खुलासा पटला, पोवाड्याचा अर्धवट पटला, ओव्यांचा सगळ्यात जास्त. तरी मी आर्मस्ट्राँगचाच पाठ ऐकणार, गुत्त्याशिवायचा. गुत्ता असला की आपण मॅकेनेडीकडे लांबून बघतो, एक दारुडा बरळतोय म्हणून सोडून देता येतं. गुत्ता नसला की तशी सोय राहत नाही. खिडकीजवळची यांना तो नालायक वाटतो तो त्यामुळेच, आणि तसं वाटायलाच हवं. मला तो नालायक आणि दुःखी दोन्ही वाटतो.

खिडकीजवळची
दोन्ही चालेल. पण क्रम तोच ठेवा. आधी नालायक.

दादरकर काका
मला एक कळत नाही. ते वीस डॉलरचं नाणं म्हणजे किती सोनं?

कोर्टाची पायरी
काका, सुमारे ३३ ग्रॅम वजन, त्यात ३० ग्रॅम शुद्ध सोनं. म्हणजे आपल्या सराफाच्या हिशोबाने तीन तोळे. १८५० पासून पाडत होते. १९३३ मध्ये रूझवेल्टने लोकांकडचं सोनं सरकारजमा करायला लावलं तेव्हा बंद झालं.

दादरकर काका
तीन तोळे! मयताच्या अंगावर! आणि सहाही खांदेकरी जुगारी!

उडपी स्पेशल
कबरीपर्यंत पोचलं असेल तर साखळी पोचली असेल.